किंक्रांतीच्या दिवशीचा मासा

मला राग लवकर येतो आणि उतरायला वेळ लागतो. मी शिकवायचे त्या शाळेतल्या मुलांना हे पहिल्याच आठवड्यात कळायचं. तरीही एका हिवाळ्यात मी माझ्या सासऱ्यांवर तीन महिने, रोज दोन वेळा, मनातल्या मनात चिडत होते आणि त्याचा कुणाला पत्ता नव्हता, कारण रागाचं कारण सांगायची मला लाज वाटत होती. ते माझ्या हातचं जेवत नव्हते.

अगदीच उपाशी राहत होते असं नाही. पानावर बसायचे, अर्धी भाकरी वरणात कुस्करायचे, दोन घास घ्यायचे, आणि ताट हातभर पुढे सरकवून म्हणायचे, "बास. प्वाट भरलं." मी विचारायची, "आबा, काही कमी आहे का? तिखट हवं का? पातळ करू का?" ते मान हलवायचे. "समदं चांगलं हाय पोरी." चांगलं आहे तर खा ना, असं माझ्या जिभेवर यायचं. पण सासऱ्यांना असं कसं म्हणणार? मी ते ताट उचलायची आणि ओट्यावर जरा आपटूनच ठेवायची.

आबा धायरीचे. त्यांचा जन्म तिथला, शेती तिथली. सासूबाई जाऊन दोन वर्षं झाली होती, आणि राहतं घर पाडून तिथे इमारत उभी राहत होती. ती होईपर्यंत, आणि खरं म्हणजे त्यानंतरही, त्यांनी आमच्याकडे कर्वेनगरला राहावं असं माझ्या नवऱ्यानं ठरवलं होतं. तिसरा मजला, लिफ्ट बंद असली की चालू व्हायची वाट बघायची, अशी आमची सोसायटी. आयुष्यभर ज्याचा पाय उंबऱ्याबाहेर मातीतच पडला तो माणूस आता गॅलरीत खुर्ची टाकून खालच्या मोटारी बघत बसायचा. पण तक्रार म्हणून केली नाही. फक्त जेवण सुटत चाललं होतं, आणि अंगातला सदरा खांद्यावरून लोंबायला लागला होता.

डॉक्टरांनी सगळ्या तपासण्या केल्या आणि काही सापडलं नाही. "आजार नाही, अन्न नाही," ते म्हणाले. "या वयात नुसत्या वरण-भाताच्या पाण्यावर भागत नाही. अंडी द्या, मासे द्या, मऊ, बिनकाट्याचे. असंच चाललं तर दवाखान्यात ठेवून सलाइन लावावं लागेल." त्याच संध्याकाळी आबांनी मुलाला सांगून टाकलं, की महिना संपला की मी धायरीला जातो, बांधकामावर पत्र्याची शेड आहे, तिथं एक खाट टाकली की झालं. नवरा त्यांच्यासमोर हसला आणि आत येऊन पलंगावर डोकं धरून बसला. ऐंशीचा माणूस, थंडीत पत्र्याखाली एकटा. तिथं गेले तर परत येणार नाहीत हे आम्हा दोघांनाही कळत होतं.

आणि मला वाटत होतं, हे सगळं माझ्यामुळे आहे.

त्याचं असं, की मी पेठेतली. आमच्या घरात अंड्याचं नाव जेवताना काढत नसत. माझा नवरा कॉलेजात भेटला, शेतकऱ्याच्या घरचा, आणि मी हट्टानं लग्न केलं. नोंदणी पद्धतीनं, कचेरीत. माझे वडील तिथं दहा मिनिटं उभे राहिले, सही झाल्यावर घड्याळ पाहून निघून गेले. त्यानंतर आमच्या घरी ते मोजून तीन वेळा आले असतील. त्यांनी माझ्यावर पाणी सोडलं असं मी धरून चालले आणि वर दाखवायला फुशारकीनं वावरले. ते जाऊन आता अकरा वर्षं झाली होती.

सासरी मला कुणी वाईट वागवलं नाही. तेच तर दुखणं होतं. मी धायरीला गेले की परसातली चूल विझायची. त्यांच्याकडे वशाट, म्हणजे मासे-मटण, घरातल्या चुलीवर कधीच होत नसे. देव आहेत म्हणून. गोठ्यामागे तीन दगडांची चूल होती, तिथं आबा स्वतः रांधायचे. हाताला चव होती म्हणे. 'म्हणे' अशासाठी, की मी आलेली दिसली की सगळं गुपचूप आवरलं जायचं. संक्रांतीच्या दुसऱ्या दिवसाला आमच्या पेठेत किंक्रांत म्हणतात आणि शुभ काही करत नाहीत. धायरीत त्याला कर म्हणतात आणि त्या दिवशी घरोघरी वशाट शिजतं. मी लग्नानंतरच्या पहिल्या करीला तिथं होते. सासूबाईंनी मला पुढच्या पडवीत बसवलं, आदल्या दिवशीची गुळाची पोळी आणि तूप दिलं, आणि मागून भावकीतल्या बायकांचं हसणं ऐकू येत राहिलं. 'खातेस का' असं मला कुणी एकदाही विचारलं नाही. विचारलं असतं तर मी नाहीच म्हटलं असतं, पण विचारायला हवं होतं.

एकोणतीस वर्षं मी त्या घरात पाहुणी राहिले, असं माझं मत होतं. आता तोच माणूस माझ्या घरी येऊन माझं ताट हातभर पुढे सरकवत होता.

मासा करायचं माझ्या डोक्यात आलं ते टीव्हीवरून. एका इंग्रजी वाहिनीवर एक गोरा बल्लवाचार्य ओव्हनच्या ट्रेमध्ये भाज्या पसरत होता, त्यावर त्यानं पांढऱ्या माशाचे तुकडे ठेवले, तेल-मीठ-लिंबू घातलं, ट्रे आत सरकवला आणि झालं. तळण नाही, वाटण नाही, रस्सा नाही. हे मला जमेल असं वाटलं, मुख्य म्हणजे त्यात माशापेक्षा भाज्या जास्त होत्या आणि भाज्यांची मला भीती नव्हती. आमच्याकडेही ओव्हन होता. केक करीन म्हणून हौसेनं घेतलेला आणि गेली काही वर्षं आत पापडांचे डबे ठेवलेला.

नवऱ्याला सांगितलं तर तो माझ्याकडे बघतच राहिला. तो स्वतः बाहेर सगळं खायचा, घरी कधी नाही. तसं मी त्याला सांगितलं नव्हतं, त्यानंच ठरवलं होतं. "मी हॉटेलातून आणू का म्हणून विचारलं होतं आबांना," तो म्हणाला. "नको म्हणाले. ताट तुलाच घासावं लागेल म्हणाले."

"बघितलंस?" मी म्हटलं. "माझ्या ताटालासुद्धा लावून घ्यायचं नाही त्यांना."

त्या वर्षी किंक्रांत रविवारी आली. शाळेला सुट्टी, करीचा दिवस, सोमवार नाही, गुरुवार नाही, चतुर्थी नाही. कॅलेंडर मी दोनदा पाहिलं. भोगीसाठी आणलेल्या भाज्या फ्रीजमध्ये भरपूर उरल्या होत्या. गाजरं, पावट्याचे दाणे, मटार, लहान बटाटे, काटेरी वांगी, हिरव्या लसणाची जुडी. अडचण एकच होती. माझी आई.

आई संक्रांतीसाठी म्हणून चार दिवस राहायला आली होती. वय अठ्ठ्याहत्तर, दात सगळे शाबूत, जीभ त्याहून शाबूत. पेठेतून रिक्षानं आली, ती आपली फुलपात्रं आणि आपला तांब्या पिशवीत घेऊन. आबांशी ती अदबीनं बोलायची, 'व्याही' म्हणायची, पण दोघांमध्ये एका खोलीचं अंतर कायम राहायचं. मी तिला सकाळीच सांगून टाकलं, की आज संध्याकाळी मी मासा करणार आहे.

तिनं वर्तमानपत्र खाली ठेवलं. "मी परवा जाणारच आहे. तोपर्यंत मासा रुसला असता का?"

"आज त्यांची कर आहे. आणि ते जेवत नाहीत."

"ते मला दिसतंय. मला डोळे आहेत." तिनं वर्तमानपत्र पुन्हा उचललं. "मी गॅलरीत बसेन. दार लावून घे. माझ्यासाठी दोन चमचे पिठलं टाक, आणि ते आधी कर."

इतकं सौम्य उत्तर मी अपेक्षिलंच नव्हतं.

मासळीच्या गाळ्यावर मी आयुष्यात पहिल्यांदा उभी राहिले. जाताना नवी सुरी, चिरायचा नवा पाट आणि झाकणाचा नवा डबा घेऊन गेले होते, जणू घरची भांडी कुणी ओळखणार होतं. गाळ्यावरच्या बाईनं विचारलं, "कोणता देऊ ताई?"

"पांढरा मासा," मी टीव्हीवर ऐकलं होतं तसं म्हटलं.

तिनं एकदा माझ्याकडे पाहिलं, एकदा माझ्या नव्या पाटाकडे. "आतून सगळेच पांढरे असतात. कुणाला पाहिजे?"

"सासऱ्यांना. दात नाहीत. जेवण गेलंय."

तेवढ्यावर तिचा सूर बदलला. तिनं मागच्या बर्फातून एक जाडसर, चांदीसारखा मासा काढला. "जिताडा न्या. काटा मोठा असतो, मी काढून देते. म्हाताऱ्या माणसाला सोसतो." तिनं तो उभा चिरला, मधला काटा काढला, पातळ काटे बोटानं चाचपून उपटले आणि चार जाड तुकडे केले. मी वहीत लिहून आणल्यासारखे प्रश्न विचारत होते. किती वेळा धुवायचा? दोनदा. शिजला कसा कळतो? "बोटानं दाबा. पाकळी सुटली की उतरवायचा. जास्त ठेवलात तर चामडं होईल. आणि ताई," ती म्हणाली, "त्याला घाबरू नका. तो मेलाय."

तिनं दोनदा सांगितलं होतं. मी सात वेळा धुतला. पेठेत वाढलेल्या बाईला दोनदा धुतल्याचं समाधान मिळत नाही. एकदा पाण्यानं, एकदा मिठानं, एकदा डाळीचं पीठ चोळून, मग लिंबानं, मग पुन्हा पाणी. सातव्या वेळी तुकड्यांच्या कडा विस्कटायला लागल्या तेव्हा मी भानावर आले आणि ते स्वच्छ फडक्यावर टिपायला ठेवले. पहिला तुकडा मी दोन बोटांच्या चिमटीत उचलला, हे कबूल करते. गार होता आणि बोटांखाली दबत होता. पण चौथ्या तुकड्यापर्यंत मी त्याच्याकडे बटाट्याकडे बघावं तसं बघायला लागले होते.

बाकीचं काम माझ्या ओळखीचं होतं. जी भाजी उशिरा शिजते ती आधी घालायची, एवढंच त्यातलं गणित. बटाटे अर्धे करून, गाजरं बोटाएवढी कापून शेंगदाण्याचं तेल आणि मीठ चोळून ट्रेमध्ये पसरली आणि आत ढकलली. वीस मिनिटांनी त्यात वांग्याच्या फोडी, आणि उकळत्या पाण्यातून काढलेले पावटे-मटार मिसळले. गाजरांच्या कडा काळसर व्हायला लागल्या, वांगी मऊ पडली, तेव्हा ट्रे बाहेर ओढून मधोमध जागा केली आणि भाज्यांच्या अंगावर माशाचे तुकडे ठेवले. लसणाची पात बारीक चिरून, हिरवी मिरची ठेचून, मिरपूड, मीठ, चमचाभर तेल, सगळं एकत्र करून वरून चोळलं. लिंबाच्या चकत्या लावल्या. बारा मिनिटं. मी ओव्हनच्या काचेसमोर स्टूल टाकून बसले, पेपर सुटेपर्यंत वर्गात बसावं तशी.

सहाव्या मिनिटाला गॅलरीचं दार किलकिलं झालं. "वास लसणाचाच येतोय," आई म्हणाली. "मासा घातलास की विसरलीस?"

बाराव्या मिनिटाला मी बोटानं दाबून पाहिलं. काचेसारखा दिसणारा तुकडा दुधासारखा पांढरा झाला होता, आणि दाबल्याबरोबर त्याची एक पाकळी अलगद सुटली. भाज्यांमध्ये माशाचं पाणी उतरलं होतं, लिंबू करपून गोडसर वास सुटला होता. मला फार आनंद झाला. मी तो खाणार नव्हते, तरी झाला.

आठ वाजता पानं घेतली. तीळ लावलेली बाजरीची भाकरी, लोण्याचा गोळा, आणि आबांच्या ताटात भाज्या पसरून त्यावर सगळ्यांत चांगला तुकडा. नवरा समोर बसला. आई गॅलरीतच होती, पण दार आता उघडं होतं. तिचं पिठलं खाऊन झालं होतं.

आबा बसले. ताटाकडे पाहिलं. मग थोडे वाकले आणि वास घेतला, आणि मी शपथेवर सांगते, त्यांच्या तोंडाला पाणी सुटलेलं मी पाहिलं. गळ्याची घाटी वर-खाली झाली. त्यांचा हात भाकरीकडे गेला. आणि तिथंच थांबला.

"कुनी केलं ह्ये?"

"मी."

"तुज्या हातानं?"

"मग काय पायानं?" मी म्हटलं.

त्यांनी ताट हातभर पुढे सरकवलं. "न्हाय खायाचं मला."

मग माझा बांध फुटला. मी काय काय बोलले ते सगळं इथं लिहिण्यासारखं नाही. एकोणतीस वर्षं तुम्ही मला परकी ठेवलीत, म्हटलं. मी आले की चूल विझवायचात. मला पडवीत बसवून तुम्ही सगळे मागे हसत जेवायचात. माझ्या हातचं वरण चालत नाही, माझ्या हातचा मासाही चालत नाही, मग काय चालतं ते तरी सांगा, आणि नसेलच चालत तर मी केलेल्या स्वयंपाकाला 'चांगलं हाय' म्हणू नका. नवरा "अगं, अगं" करत उठला होता. मी त्यालाही बस म्हटलं.

आबा खाली बघत होते. मग हळू म्हणाले, "तुज्या बापाला शबुद दिलाय म्या."

"कुणाच्या बापाला?" मला काही कळेना.

"तुज्या. तुमचं लगीन व्हायच्या आदी आलं व्हतं धायरीला. एकलेच. एस्टीनं. तवा आमच्याकडं दिवसातनं दोनच गाड्या." आबा तुटक तुटक बोलत होते, मध्ये थांबत होते. "ओट्यावर बसलं. च्या घेतला न्हाय. म्हनलं, पोरगी ऐकनार न्हाय, तिला आडवनार न्हाय म्या. पर येक मागनं हाय. आमच्या घरात कदी झालं न्हाय, तिला मासमटनाला हात लावाया लावू नका. म्या म्हनलं, जलमात लागनार न्हाय, शबुद हाय माजा. मग उठलं. जाताना म्हनलं, पोरगी तापट हाय, वरडंल, पर मनात काय ठिवत न्हाय. तेवडं पदरात घ्या."

मी खुर्चीची पाठ धरून उभी होते. माझा नवरा हे पहिल्यांदाच ऐकत होता, ते त्याच्या चेहऱ्यावर दिसत होतं.

"मग तू आलीस की चूल इझवायची, असं म्याच सांगितलं समद्यास्नी," आबा म्हणाले. "वास बी नगं म्हनलं. तुला परकी कशापायी ठिवू?" त्यांनी पंच्यानं तोंड पुसलं. "हितं आल्यापासनं घशाखाली कायबी उतरत न्हाय. तुजं जेवान चांगलं हाय, पर माजी जीब त्येच मागती. मागितलं आसतं तर तू केलं आसतंस, म्हाईत हाय मला. म्हून म्हनलं, आपनच धायरीला जावं. आन् आज तू न मागता केलंस. शबुद मोडला माजा."

"आबा, बाबा जाऊन अकरा वर्षं झाली," मी म्हटलं.

"म्हून तर. ते आसते तर जाऊन सोडवून घेतला आसता. आता कुनाकडनं सोडवू?"

ताटातल्या भाज्यांवरची वाफ कमी व्हायला लागली होती. नवरा काहीतरी बोलायचं म्हणून म्हणाला, "आबा, त्यांना काय वाटलं असतं..." आणि पुढचं त्याला सुचलं नाही.

गॅलरीच्या दारात आई उभी होती. किती वेळ उभी होती कोण जाणे. ती सावकाश चालत टेबलापर्यंत आली.

"कधी आले होते हे तुमच्याकडे?" तिनं विचारलं.

"लगनाच्या आदी दोन-तीन हप्ते. सुगी चालू व्हती."

"मला म्हणाले होते, दाताच्या डॉक्टरकडे जातो." आई म्हणाली. "संध्याकाळी उशिरा आले. जेवले नाहीत. दात दुखतोय म्हणाले. मी लवंगेचं तेल दिलं."

मग तिनं, शाळेत नापास झालेल्या मुलाच्या पालकांशी मी बोलते त्याच आवाजात, आबांना विचारलं, "शब्द नेमका काय दिलात? मुलीबद्दल दिलात ना?"

"व्हय. पोरीबद्दल."

"माझ्याबद्दल काही बोलणं झालं होतं?"

आबा गोंधळले. "न्हाय. तुमच्याबद्दल कशाला?"

"मग झालं तर. तिनं केलं ते तिच्या डोक्यानं, तुम्ही सांगितलं नाहीत. त्याचं ह्यांना जे काही सांगायचं ते मी सांगेन, माझी भेट तुमच्याआधी होणार आहे. तिच्या हातचं नको असेल तर खाऊ नका. माझ्या हातचं खा."

आणि माझ्या आईनं पदर कमरेला खोचला. जिनं उभ्या आयुष्यात अंडं हातात धरलं नव्हतं, तिनं टेबलावरच्या ट्रेमधलं उलथनं उचललं, ताटातला माशाचा तुकडा ट्रेमध्ये परत सारला, उलथनं त्याखाली घातलं आणि तो वर उचलला. तुकडा अर्ध्यात मोडायला लागला तेव्हा तिनं डाव्या हाताची बोटं पटकन खाली धरली आणि तो बोटांवरच तोलून आबांच्या ताटात ठेवला. मग त्याच बोटांनी भाज्या शेजारी सारल्या.

आबा उठायलाच लागले होते. "आवो विहीणबाई, ह्ये काय करताय? ऱ्हाऊ द्या, ऱ्हाऊ द्या!"

"बसा," आई म्हणाली. "मुलीकडच्यांनी व्याह्यांना वाढायचं असतं. आमच्याकडून ते राहून गेलं."

आबा बसले. त्यांनी आईकडे पाहिलं, ताटाकडे पाहिलं, आणि दोन्ही हात जोडून ताटाला लावले. मग भाकरीचा तुकडा मोडला, त्यात माशाची पाकळी आणि एक वांग्याची फोड धरली आणि तोंडात घातली. ते चावत होते आणि त्यांच्या डोळ्यांतून पाणी गालावर येत होतं, ते त्यांनी पुसलंही नाही. दुसरा घास. तिसरा. आई त्यांच्या खुर्चीशेजारी उलथनं हातात घेऊन उभी होती आणि मासा संपत आला की न विचारता पुढचा तुकडा वाढत होती. "गाजर पण घ्या," ती म्हणत होती. "लिंबू पिळा. सावकाश. घाई काय आहे?" लग्नाच्या पंगतीत बायका आग्रह करतात तसा ती आग्रह करत होती, आणि आबा "बास, बास" म्हणत होते, पण ताट पुढे सरकवत नव्हते.

मी स्वयंपाकघरात गेले आणि नळ मोठा सोडून रडले. आबांसाठी रडले, पण जास्त बाबांसाठी. माझ्यावर पाणी सोडलं असं मी ज्यांच्याबद्दल एकोणतीस वर्षं सांगत फिरले, ते माझ्यासाठी कुणाला न सांगता एसटीनं धायरीला गेले होते, एका अनोळखी ओट्यावर बसून त्यांनी मागणं मागितलं होतं, आणि दात दुखतोय म्हणून उपाशी झोपले होते. ते जिवंत असताना मी त्यांना एकदाही घरी जेवायला थांबा असं नीट म्हटलं नव्हतं. आता म्हणायला ते नव्हते.

बाहेरून आईचा आवाज आला.

"रडून झालं असेल तर भाकरी आण. व्याही थांबलेत."